विमा असलेला मंडपवाला पाहिजे

किस्से कुणी मुद्दाम जमवत नाही, ते साठतात. करडईचं तेल डब्यांत भरून निघून जातं आणि पेंड मागं राहते, तशी माझी नोकरी निघून गेली आणि हे एवढं मागं राहिलं. आम्ही तीन-चार रिटायर माणसं धाराशिवला एसटी स्टँडसमोरच्या हॉटेलात बसलो की कुणीतरी म्हणतंच, "वाघमारे, ते विम्याचं सांग की!" मी दरवेळी सांगतो आणि सांगता सांगता दरवेळी माझाच गोंधळ होतो. आजही होणार. सांभाळून घ्या.

तर आमची सहकारी तेलगिरणी. तिचे शेअर गोळा झाले बहात्तरच्या दुष्काळात. लोकांनी शेअर घेतले ते आमचे चेअरमन तात्या यांच्या तोंडाकडं बघून. पुढं दहा वर्षं लोक तात्यांच्या तोंडाकडंच बघत होते, कारण गिरणीकडं बघण्यासारखं काही नव्हतं! नुसता पाया आणि त्यावर बाभळी. शेवटी एकदाची इमारत झाली, मशीन आलं, उद्घाटनाला मंत्री यायचे ठरले. मी ऑफिसात क्लार्क. समारंभाची फाइल माझ्या टेबलावर.

त्या काळी आमच्याकडं समारंभ म्हणजे मंडपवाला. मंडप, मंच, खुर्च्या, लाउडस्पीकर, हार, चहा, सगळं तोच आणायचा. भाषण तेवढं मंत्र्यांनी स्वतःचं आणायचं.

*

आमचे मॅनेजर दातारसाहेब पुण्याकडून नवीन आलेले. आधीच्या नोकरीत त्यांनी एका समारंभात मंडप पडताना पाहिला होता. कुणाला फार लागलं नव्हतं, पण साहेबांनी धसका घेतला होता. मंडपाचा विषय निघाला की ते आधी छताकडं बघायचे. ऑफिसचं छत सिमेंटचं होतं, तरी बघायचे.

संचालकांच्या मीटिंगमध्ये ते म्हणाले, "मंडपवाला ठरवण्याआधी एकच प्रश्न विचारायचा. तुमचा विमा आहे का? नसेल तर काम द्यायचं नाही."

मग एक संचालक म्हणाले, "म्हंजे मंडपवाला मेला तर आपल्याला काय मिळतंय?"

"आपल्याला कशाला मिळंल? त्याच्या बायकोला मिळंल," दुसरे म्हणाले.

"मंग आपून कशाला इचारायचं? तिनं इचारावं!"

दातारसाहेबांनी फळ्यावर मंडप काढला, त्याखाली माणसं काढली, वर बाण काढले. बाण कशाचे ते मला आजही माहीत नाही. पाऊण तासानं तात्यांनी विचारलं, "समद्यांना कळलं का?" कुणी बोलेना. तात्या म्हणाले, "मंग ठराव मंजूर."

एकमतानं! सहकारात जे एकाला कळतं त्यावर भांडण होतं. जे कुणालाच कळत नाही ते एकमतानं मंजूर होतं.

*

पहिला मंडपवाला तुळजापूरच्या बाजूचा. नावाजलेला. त्याच्या घरी गेलो, त्यानं चहा दिला, पान दिलं, बोलणं चांगलं चाललं होतं. मग मी विचारलं, "तुमच्या मंडपाचा विमा आहे का?"

त्याचा चेहरा उतरला. मुलगी बघायला येऊन कुणी तिला काही आजार आहे का म्हणून विचारावं, तसं झालं. तो उठला आणि आतून लग्नपत्रिकांचा एक गठ्ठाच घेऊन आला. माझ्यापुढं टाकला.

"मोजा! माझ्या मंडपात लागलेली लग्नं हायेत ही. सांगा, एक तरी मोडलंय का?"

मी म्हणालो, "तसं नाही हो, मंडप पडला तर..."

"लगीन मोडलं न्हाय तर मंडप कसा मोडंल?"

मी पान चावत परत आलो.

*

दुसरा ढोकीचा. हा मात्र प्रश्न ऐकून एकदम खूश! "हाये की! इमा हाये!" म्हणाला. मला इतका आनंद झाला की मी पुढचं काही विचारलंच नाही, कागद घेऊन ऑफिसात ये म्हणालो.

आला. दातारसाहेबांनी कागद हातात घेतला, वाचला, चष्मा पुसला, परत वाचला. मग माझ्याकडं दिला. विमा होता म्हशीचा. बँकेच्या कर्जावर घेतलेली म्हैस, तिच्या कानात बिल्ला, बिल्ल्याचा नंबर कागदावर. सगळं अगदी चोख.

साहेब म्हणाले, "अहो, मंडपाशी म्हशीचा काय संबंध?"

तो म्हणाला, "साहेब, माझ्याजवळ इम्याचं एवढंच हाये. चालत असंल तर उद्घाटनाच्या दिवशी तिला मंडपात आणून बांधतो!"

*

तिसरे महेबूबभाई. खरं तर मी आधी त्यांच्याकडंच जायला हवं होतं. आमच्या वस्तीत चौदा एप्रिलला जयंतीचा मंडप तेच घालायचे, मी लहान होतो तेव्हापासून. अणदूरला खंडोबाच्या यात्रेतही त्यांचाच मंडप. उंच, किडकिडीत माणूस, खिशात कायम सुतळीचा गुंडा. मंडप उभा राहिला की प्रत्येक खांबाला खांदा लावून बघायचे आणि मगच पाणी प्यायचे.

मी प्रश्न विचारला. ते म्हणाले, "इमा म्हंजे काय ते आधी सांगा. मंग हाये का न्हाय ते सांगतो."

मी दातारसाहेबांचे बाण आठवून जेवढं जमलं तेवढं सांगितलं. ते मन लावून ऐकत होते. मग म्हणाले, "मंडप पडला तर देत्यात?"

"देतात."

"मंडप माणसावर पडला तर?"

"देतात असं वाटतं."

"माणूस मंडपावर पडला तर?"

मी खिशात कागद चाचपायला लागलो.

"आन दोगं बी पडले न्हायत, नुसतं लोक भिऊन पळाले आन चेंगरले, तर?"

मी खिशातून कागद काढला आणि चारही प्रश्न लिहून घेतले. विचारायला मी गेलो होतो, आणि प्रश्न घेऊन परत आलो!

पण निघताना त्यांनी मला थांबवलं. आदल्या वर्षी अणदूरला यात्रेत वावटळ आली होती, एक खांब निसटला आणि एका म्हातारीच्या हातावर पडला. हात मोडला. महेबूबभाईंनी तिला पाठीवर घेऊन डॉक्टर गाठला. त्यानंतर तीन महिने दर रविवारी एसटीनं तिच्या घरी चौकशीला जायचे. शेवटी म्हातारीच म्हणाली, "आता येऊ नगंस रं बाबा. लोकं इचारायलेत, तुला हे मंडपवालं पोरगं कवा झालं!"

हे सांगताना ते हसले. मग हसू थांबलं.

"वाघमारेसाहेब, त्या दिवसापासून वारं सुटलं की मला घास जात न्हाय. माझं जे हाये ते ह्ये बांबू आन ह्ये कापड. ते गेलं तर परत जमवीन. पर माझ्या मंडपाखाली माणूस गेलं तर म्या त्याच्या घरच्यांला काय देणार? तुमी म्हन्ता ते मला पायजे. कुठं मिळतं?"

तेवढ्या दिवसांत विमा खरंच हवा असलेला हा एकच माणूस मला भेटला. मला तो मनापासून आवडला, आणि त्याला विमा मिळवून द्यायचाच असं मी तिथंच ठरवलं.

*

म्हणून आम्ही दोघं सोलापूरला गेलो. विमा ऑफिसात शहापूरकर नावाचे अधिकारी होते. शांत माणूस, बोलण्याआधी पेनचं टोपण लावायचे. आमचं ऐकून त्यांनी टोपण लावलं आणि म्हणाले, "मंडपाचा विमा मी कधी केला नाही. करता येतो का ते बघतो."

आत गेले, बाहेर आले, परत आत गेले. शेवटी एक लांबलचक छापील फॉर्म आणला. "मंडपाचा फॉर्म नाही. हा त्यातल्या त्यात जवळचा आहे. लागू नाही तिथं रेघ मारा."

फॉर्म इंग्रजीत. मी वाचून सांगायचं आणि महेबूबभाईंनी उत्तर द्यायचं असं ठरलं. पहिला प्रश्न, जहाजाचं नाव. दुसरा, कुठल्या बंदरातून निघणार. तिसरा, समुद्राच्या पाण्यानं माल भिजण्याची शक्यता किती.

महेबूबभाई माझ्याकडं बघत राहिले. मग हळूच म्हणाले, "धाराशिवला प्यायला पानी न्हाय, आन साहेब समुद्र इचारायलेत व्हय?"

मी सगळीकडं रेघा मारल्या. फॉर्मभर रेघा, आणि शेवटी त्यांची सही. शहापूरकरसाहेबांनी तो बघितला आणि म्हणाले, "छान भरलाय."

*

मग शहापूरकरसाहेब स्वतः तपासणीला आले. गिरणीसमोर महेबूबभाईंचा मंडप उभा राहिला होता, तात्याही बघायला आले होते. त्यांनी चपला काढल्या, मंचावर चढले आणि मधोमध उभं राहून दोन उड्या मारल्या. खाली महेबूबभाईंनी दोन्ही वेळा डोळे मिटले.

साहेब खाली उतरले, टोपण लावलं. "मंच चांगला आहे. पंचवीस माणसं पेलेल. पॉलिसीत तसं लिहितो. मंचावर पंचवीसच्या वर माणसं गेली आणि काही झालं, तर कंपनी एक पैसा देणार नाही."

महेबूबभाई म्हणाले, "मंजूर."

तात्या मात्र मटकन खुर्चीत बसले. "पंचवीस? ओ साहेब, माझे संचालकच सतरा हायेत!"

तात्या का हादरले हे कळायचं तर भूमिपूजनाचं सांगायला हवं. आमच्याकडं समारंभाला माणूस येतो तो मंचावर बसायला. ऐकायला कोण येतो? संचालक, माजी संचालक, पडलेले उमेदवार, सरपंच, सरपंचांचे मेव्हणे. ज्याला वर बोलावलं नाही तो पुढच्या निवडणुकीत तात्यांच्या विरोधात उभा राहतो. भूमिपूजनाला मंचावर साठ माणसं होती आणि समोर चाळीस. पाहुणे भाषणाला उठले, इकडं बघितलं, तिकडं बघितलं, आणि माईकवरच विचारलं, "सभा नेमकी कोणत्या बाजूला आहे?"

*

आता साठांतले पंचवीस निवडायचे! ती यादी करायचं काम कुणाकडं आलं? माझ्याकडं.

त्या आठवड्यात मला गावोगावच्या लोकांनी इतका चहा पाजला की पोट बिघडलं. एक माजी संचालक म्हणाले, "मला खुर्ची नगं, म्या मागं उभा ऱ्हातो." मी म्हणालो, "उभा माणूसही मोजतात." ते म्हणाले, "मंग म्या मंत्र्याच्या मागं उभा ऱ्हातो, दिसणारच न्हाय!"

मग वर जायचं कशाला? पण हे विचारायची माझी छाती नव्हती.

दोन सख्खे भाऊ आले, दोघंही सरपंच राहिलेले. एक जण अर्धी सभा बसेल, मग उतरेल आणि दुसरा चढेल असं त्यांनी सुचवलं. मला ते पटलं. दातारसाहेबांनाही पटलं. पण आधी कोण बसणार यावरून दोघांनी माझ्या टेबलासमोर एकमेकांची गचांडी धरली, आणि मी दोघांचीही नावं खोडली.

शेवटी तात्यांनी यादी बघितली. मंत्री धरून बरोबर पंचवीस. ते बराच वेळ वाचत होते. मग म्हणाले, "वाघमारे, ह्या कागदापायी म्या पडणार बघ."

मी म्हणालो, "तात्या, पण मंच पडणार नाही."

*

उद्घाटनाचा दिवस. पायऱ्यांपाशी महेबूबभाई यादी घेऊन उभे. त्यांना वाचता फारसं यायचं नाही, म्हणून शेजारी मी. नुकतंच धुतलेलं धोतर आणि कोट घालून आलेल्या माणसाला हा मंडपवाला हात आडवा करून सांगतोय, "मालक, तुमी खाली बसा." लोक चिडले, एकानं त्यांना ढकललंही. ते हलले नाहीत. "म्या पाया पडतो, पर वर जाऊ नगा," एवढंच म्हणत राहिले. माझ्या डोळ्यांदेखत माणसं त्यांना नाही नाही ते बोलली आणि मला यादीमागं तोंड लपवावं लागलं. त्याची लाज मला अजून वाटते.

तरी जमलं. मंचावर पंचवीस! मी दोनदा मोजले. पहिल्या रांगेत शहापूरकरसाहेब वही घेऊन बसले होते, त्यांनीही मोजले आणि माझ्याकडं बघून मान हलवली. वारं सुटलं होतं, कापड फडफडत होतं, पण मंच जागचा हलला नाही. मंत्र्यांनी बटण दाबलं, गिरणी सुरू झाली. करडईचा वास मंडपभर आला तेव्हा दहा वर्षं शेअर धरून बसलेली म्हातारी माणसं उभी राहून टाळ्या वाजवायला लागली. महेबूबभाईंनी खांबाला टेकून पहिल्यांदा मोठा श्वास सोडला.

आणि तेवढ्यात तात्यांनी माईक हातात घेतला. कार्यक्रमात नव्हतं, कुणाला विचारलं नव्हतं, तात्यांना आतून आलं म्हणून बोलले.

"मंडळी, आज हितं आपण सुखानं बसलाव ते एका माणसामुळं. त्यानं माझ्या लोकांला वर येऊ दिलं न्हाय, माझा बी राग आलाय त्याला... न्हाय, मला त्याचा आलाय! पर त्याच्यासारखी फिकर आपून कुणी केली न्हाय. आमचे मंडपवाले महेबूबभाई, यांचा सत्कार मंत्रिमहोदयांच्या हस्ते! महेबूब, वर ये!"

टाळ्या पडल्या. महेबूबभाई जागचे हलेनात. मला म्हणाले, "मला बोलावलं?"

"तुम्हालाच," मी म्हणालो.

त्यांनी उभी हयात मंच बांधण्यात घालवली होती. खांदा लावून, दोऱ्या आवळून, फळ्यांवर चालून बघून. पण लोक समोर बसलेले असताना मंचावर जायला त्यांना कधी कुणी बोलावलं नव्हतं. हे त्यांनी मला सांगितलं नाही. त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होतं.

मग आम्हा दोघांच्या एकदमच ध्यानात आलं. सव्विसावा!

मी मंचाकडं बघितलं. कुणीतरी एकानं दोन मिनिटं खाली यायचं होतं. मंत्री आणि तात्या सोडून बाकी तेवीस जणांना ते कळत होतं, कारण तेवीसचे तेवीस जण एकदम छताकडं बघायला लागले. आमच्याकडं मंचावरून स्वतःहून उतरलेला माणूस अजून जन्मायचा आहे. मी शहापूरकरसाहेबांकडं बघितलं. त्यांनी पेनचं टोपण लावलं होतं.

मंत्री शाल घेऊन उभे. तात्या हात हलवून बोलावतायत. वारं वाढलेलं. महेबूबभाई पायऱ्या चढायला लागले. एक, दोन, तीन, चार. शेवटच्या पायरीवर थांबले. उजवा पाय उचलून त्यांनी मंचाच्या फळीवर ठेवला. डावा पायरीवरच राहू दिला.

"आरं वर ये की!" तात्या हात धरून ओढायला लागले.

"हितंच बरं हाये, तात्या."

"लोक काय म्हन्तील? ये वर!"

"न्हाय तात्या. हितंच बरं हाये."

शेवटी मंत्रीच पुढं आले, वाकले, आणि त्यांनी तशीच शाल पांघरवली, नारळ दिला. लोकांना काही कळेना. काही जण हसले, काही टाळ्या वाजवत राहिले, कुणीतरी विचारलं, "पायाला लागलंय का ह्येच्या?" महेबूबभाईंनी एक पाय वर आणि एक पाय खाली ठेवून सगळ्यांना नमस्कार केला. त्यांचे डोळे भरून आले होते. माझेही आले, खोटं कशाला सांगू!

मी धावत पहिल्या रांगेत गेलो. शहापूरकरसाहेबांनी टोपण काढलं होतं आणि ते वहीत लिहीत होते.

"साहेब," मी विचारलं, "महेबूबभाईंना मोजायचं का नाही?"

त्यांनी वही माझ्याकडं फिरवली. तारीख, ठिकाण, वाऱ्याचा जोर, सगळं व्यवस्थित लिहिलं होतं. त्याखाली लिहिलं होतं, मंचावरील माणसं एकूण साडेपंचवीस. आणि खाली सही.